बाबांच्या रेकॉर्ड्स हाय-रेझ डिजिटल फाईलमध्ये उतरवायच्या आहेत: सुरुवात कुठून करावी?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा. दादरच्या घरी बाबांच्या सव्वाशे रेकॉर्ड्स आहेत. नव्वदएक एलपी, थोड्या ईपी आणि पंधरा-वीस लाखेच्या, अठ्ठ्याहत्तरच्या, म्हणजे मिनिटाला ७८ फेऱ्यांच्या. बहुतेक सगळं शास्त्रीय आणि नाट्यसंगीत. काहींवर बुरशी आलीय, लाखेच्या एकीला तडा गेलाय. चांगले हेडफोन आणि डॅक (डिजिटल फाईल आवाजात बदलणारं यंत्र) तुमच्याकडे आहेत. १९२ किलोहर्ट्झ, २४ बिटचा इंटरफेस (आवाज कॉम्प्युटरमध्ये घेणारं यंत्र; किलोहर्ट्झ म्हणजे सेकंदाला किती हजार नमुने, बिट म्हणजे प्रत्येक नमुन्याची बारकाई) घ्यावा की यूएसबी टर्नटेबलवर भागेल, हे तुम्हाला हवंय.

गिरगावात बावीस वर्षं मी हेच काम करते. माझं उत्तर: पैसे सुईत आणि ती ज्यात बसते त्या कार्ट्रिजमध्ये घाला, वेळ रेकॉर्ड धुण्यात घाला, इंटरफेस साधा घेतलात तरी चालेल. आता सविस्तर सांगते.

आकड्यांचं आधी उरकून टाकू. एलपीवरचा सगळ्यात मोठा आवाज आणि तिची स्वतःची खरखर यांत साधारण ६० ते ७० डेसिबलचं अंतर असतं. १६ बिटमध्ये ९६ डेसिबल मावतात, म्हणजे नुसतं ऐकायला सीडीचा दर्जाही पुरतो. तरी मी २४ बिटच घेते, कारण रेकॉर्डिंगची पातळी निवांत खाली ठेवता येते. सगळ्यात मोठा आवाज उणे सहा डेसिबलच्या आसपास राहिला की काम झालं, तान अचानक वर गेली तरी फाटत नाही. ९६ किलोहर्ट्झ घेण्याचं माझं कारणही व्यवहाराचं आहे. धुळीची टकटक ही फार टोकदार आणि क्षणिक गोष्ट असते. जास्त नमुने घेतले की ती गाण्यापासून वेगळी ओळखता येते आणि नंतरची सफाई नेमकी होते. ध्वनिसंग्रहालयांची आंतरराष्ट्रीय संघटना, आयएएसए, जतनासाठी किमान ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिट सांगते, आणि बरेच संग्रह ९६ वर काम करतात. १९२ घेतलंत तर फाईल दुप्पट होईल. ऐकण्यात फरक पडलेला मला एकदाही सापडलेला नाही, आणि मी मनापासून शोधलाय.

९६/२४ ला मिनिटाला सुमारे ३५ एमबी लागतात, म्हणजे चाळीस मिनिटांची एलपी १.४ जीबीच्या आत बसते. एफएलएसी प्रकारच्या फाईलमध्ये साठवली की आणखी कमी, आणि आवाजातला कणही जात नाही. सव्वाशे रेकॉर्ड्स एका छोट्या हार्ड डिस्कवर सुखाने राहतील. यूएसबी टर्नटेबलमध्ये आतला कन्व्हर्टर बहुधा १६ बिटचा असतो आणि आतला फोनो प्रीअँप, म्हणजे सुईचा क्षीण सिग्नल वाढवणारा भाग, सामान्य असतो. पण त्यातल्या चांगल्या मॉडेलची थाळी, आर्म आणि हेडशेल (कार्ट्रिज जिथे बसतं तो तुकडा) उत्तम असतात. तसं मिळत असेल तर घ्या, यूएसबीची वायर खोक्यातच राहू द्या आणि सिग्नल बाहेरच्या फोनो प्रीअँपमधून इंटरफेसला द्या. बॅगेसारखी उघडणारी छोटी मशीन मात्र घेऊ नका, आणि माळ्यावरचा जुना पेटी-प्लेअरही त्यासाठी काढू नका. त्यांची सुई जड असते, आर्मला वजनाचा तोल लावायची सोय नसते. बाबांनी जपलेल्या खाचा त्यात घासल्या जातील.

सुईबद्दल मी हट्टाने बोलते, त्याचं कारण आपल्या संगीतात आहे. एलपी एका ठरलेल्या वेगाने फिरते, मिनिटाला ३३⅓ फेरे. पण बाहेरच्या कडेला सुईखालून सेकंदाला अर्धा मीटर खाच सरकते आणि लेबलाजवळ जेमतेम वीस-एकवीस सेंटीमीटर. तितक्याच आवाजाला आत निम्म्याहून कमी जागा मिळते. आता ख्यालाची एक बाजू आठवा. सुरुवातीला विलंबित, मंद्रातली बढत, सगळं शांत, आणि हे घडतं बाहेरच्या प्रशस्त खाचेत. द्रुत, तार सप्तक, सपाट ताना, तबल्याची तिहाई हे सगळं येतं शेवटच्या पाच मिनिटांत, लेबलाजवळच्या दाटीत. सतारीचा झालाही तिथेच. पॉप गाण्यांच्या एलपीत शेवटचं गाणं हळुवार ठेवून वेळ मारून नेता येते, आपल्याकडे बाजू चढतच जाते. म्हणून साधी गोल टोकाची सुई सुरुवातीला छान वाटते आणि द्रुत आलं की ‘स’ आणि ‘श’ फुटायला लागतात. लोक म्हणतात रेकॉर्ड झिजलीय. बऱ्याचदा ती झिजलेली नसते, सुईच त्या वळणात शिरत नसते.

मायक्रोलिनिअर किंवा शिबाता घडणीची, म्हणजे बारीक टोकाची सुई घ्या. ऑडिओ-टेक्निकाची व्हीएम९५ मालिका मी अनेकांना सुचवते, कारण एकाच कार्ट्रिजच्या अंगावर वेगवेगळ्या सुया बसतात: एलपीसाठी एमएल (मायक्रोलिनिअर) किंवा एसएच (शिबाता), आणि लाखेच्या रेकॉर्ड्ससाठी एसपी. बारीक घडणीच्या सुईचा आणखी एक फायदा असा की ती खाचेच्या भिंतीला निराळ्या उंचीवर टेकते. जुन्या बोथट सुईने झिजवलेला पट्टा सोडून कोरा भाग तिला मिळू शकतो. बाबांनी रोज लावलेली रेकॉर्ड अशा सुईखाली पुन्हा उघडलेली मी पाहिलीय. तिचं आयुष्यही मोठं असतं. त्याच मालिकेत साध्या इलिप्टिकल, म्हणजे लंबगोल टोकाच्या सुईला कंपनी ३०० तास देते आणि मायक्रोलिनिअरला १०००. एलपीच्या सुईवर दोन ग्रॅम वजन ठेवा आणि ते छोट्या डिजिटल काट्यावर मोजा. कमी वजन म्हणजे रेकॉर्डची काळजी, हा गैरसमज आहे. हलकी सुई खाचेत उड्या मारते आणि भिंती फोडते.

आता धुणं. मुंबईत याला पर्याय नाही. जून ते सप्टेंबर हवेत इतका ओलावा असतो की बंद कपाटातल्या कागदी पिशवीला कुबट वास येतोच, आणि बुरशी त्या कागदावर वाढून रेकॉर्डवर उतरते. तिरप्या उजेडात धरलीत तर करड्या, पिसासारख्या नक्षीचे ठिपके दिसतील. त्यावरून कोरडं फडकं फिरवू नका. बुरशी खाचेत आणखी दाबली जाते.

मी असं करते. मेडिकलमधून किंवा बॅटरीवाल्याकडून डिस्टिल्ड वॉटर आणते. नळाचं पाणी वाळलं की मागे क्षार ठेवतं, आणि आरओच्या पाण्यातही थोडे राहतात. एक लिटरमध्ये बिनवासाच्या भांड्याच्या साबणाचे दोन-तीन थेंब, बस. एलपीला हट्टी डाग असेल तर त्यात दहा टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोल. लेबलावर रबरी रिंग लावलेलं स्टीलच्या डब्याचं झाकण दाबून धरते, म्हणजे कागद भिजत नाही. मग मऊ केसांचा रुंद ब्रश ओला करून खाचेच्या दिशेने, गोल गोल, दोन्हीकडून फिरवायचा. आडवा कधीच नाही. बुरशीच्या जागी पाणी दोन मिनिटं तसंच राहू द्यायचं. नंतर साबण पूर्ण जाईपर्यंत नुसत्या डिस्टिल्ड पाण्याने दोनदा धुवायची, आणि ताटाळ्यात ताटं लावतो तशी उभी वाळवायची. ताटाळ्याच्या तारांना सुती कापड गुंडाळून घ्या आणि वरचा पंखा बंद ठेवा, नाहीतर घरभरची धूळ ओल्या खाचेत जाऊन बसेल. तोंडाला मास्क लावा, कारण बुरशीची भुकटी छातीत जाते. धुतलेली रेकॉर्ड जुन्या पिशवीत परत घालू नका. पॉलिथिनचं अस्तर असलेली नवी पिशवी घ्या. जुन्या कव्हरांचे, लेबलांचे फोटो काढून ती वेगळी ठेवा.

हे सगळं एलपी आणि ईपीसाठी. लाखेच्या रेकॉर्डला अल्कोहोलचा थेंबही लागता कामा नये. लाख अल्कोहोलमध्ये विरघळते. हे मी पुस्तकातून शिकले नाही. पहिल्याच वर्षी एका नाट्यपदाच्या रेकॉर्डवर मी स्पिरिटचा बोळा फिरवला. बोळा काळा झाला, मळ निघाला म्हणून मला बरं वाटलं, आणि मग उजेडात पाहिलं तर तेवढ्या पट्ट्यावरची चमकच गेली होती. तो पट्टा आजही वाजवला की पावसासारखा आवाज येतो. लाखेला फक्त डिस्टिल्ड पाणी आणि साबणाचा थेंब, तेही झटपट, आणि लगेच टिपून घ्यायचं. फार वेळ भिजली तरी ती बिघडते.

अठ्ठ्याहत्तरच्या रेकॉर्ड्सचं सगळं गणितच निराळं आहे. त्यांची खाच एलपीच्या तिप्पट रुंद. एलपीची सुई त्यात तळाला जाऊन मळावर घसरत राहते आणि तुम्हाला ऐकू येते ती मुख्यतः खरखर. ७५ मायक्रॉनची, म्हणजे तीन मिलची सुई लागते, आणि वजनही जास्त, एसपीला पाच ग्रॅम. दुसरं म्हणजे फोनो प्रीअँपमध्ये जो आरआयएए वक्र असतो तो १९५४ साली रूढ झाला. एलपीची खाच कोरताना खर्ज दाबतात आणि तार चढवतात, वाजवताना प्रीअँप त्याच्या उलट करतो. बहुतेक जुन्या लाखेच्या रेकॉर्ड्समध्ये तार चढवलेलीच नव्हती. तीच रेकॉर्ड आरआयएएमधून गेली की १० किलोहर्ट्झला जवळपास १४ डेसिबल विनाकारण कापले जातात, आणि गायक गोधडीत तोंड घालून गातोय असं वाटतं. मग लोक म्हणतात, जुनं रेकॉर्डिंग असंच असणार. तसं नाही. सॉफ्टवेअरमध्ये आरआयएए उलटवा आणि १९२५ नंतरच्या, मायक्रोफोनने घेतलेल्या एचएमव्हीच्या रेकॉर्ड्सना २५० हर्ट्झच्या खाली खर्ज सावरणारा साधा वक्र लावून बघा. त्याआधीच्या भोंग्यात गाऊन घेतलेल्यांना वक्रच लागत नाही. नाट्यसंगीतातल्या ऑर्गनचा भाता आणि गायकाचा श्वास अचानक समोर येतो. माझ्या कामातला मला सगळ्यात प्रिय क्षण हाच आहे.

आता वेग, आणि याकडे तुम्ही नीट लक्ष द्यावं असं मला वाटतं. सुरुवातीच्या काळातल्या रेकॉर्ड्स नेमक्या ७८ फेऱ्यांवर घेतलेल्या नसत, थोड्या वरखाली असत. वेग चुकला की पट्टी बदलते, आवाजाचा पोत बदलतो, बाई बारीक आवाजाच्या वाटू लागतात. स्ट्रोबोस्कोपच्या चकतीने थाळीचा वेग आधी पक्का करा: विजेच्या दिव्याखाली तिच्यावरच्या रेघा स्थिर दिसल्या की वेग बरोबर. चकती आपल्या विजेच्या ५० हर्ट्झची हवी: ३३⅓ साठी तिच्यावर १८० रेघा असतात. अमेरिकेतून आलेल्या, ६० हर्ट्झच्या चकतीवर २१६ असतात, ती इथे खोटंच सांगणार. घरातल्या एलईडी दिव्यांत बऱ्याचदा रेघा स्थिर दिसतच नाहीत, तेव्हा छोटा निऑन दिवा वापरा. थाळी पक्की झाली की लाखेच्या रेकॉर्डसाठी गाणं ऐकून पट्टी शोधायची. पेटी हाताशी ठेवा. षड्ज काळी एक आणि पांढरी दोन यांच्या मधेच कुठेतरी लटकत असेल आणि साथीला ऑर्गन किंवा पेटी असेल, तर बहुधा वेग चुकलाय, कारण पेटीला मधली पट्टी नसते. साथीला फक्त सारंगी असेल तर हा न्याय लावू नका.

एक प्रसंग सांगते. एका गृहस्थांनी न्यू जर्सीच्या भाच्याकडून सुंदर जुनं टर्नटेबल आणवलं, लॅमिंग्टन रोडवरून ११० व्होल्टचा ट्रान्सफॉर्मर घेतला, आणि पन्नासएक एलपी उतरवून झाल्यावर माझ्याकडे आले. म्हणाले, आवाज भारदस्त येतो, पण गाणं ओढल्यासारखं वाटतं. मोटर सिंक्रोनस होती, वेग विजेच्या वारंवारतेवर ठरणारी. ट्रान्सफॉर्मर व्होल्ट बदलतो, ६० हर्ट्झचे ५० झालेले बदलत नाही. थाळी पाच-षष्ठांश वेगाने फिरत होती. काळी दोनमध्ये गाणारे बुवा पांढरी एकमध्ये गात होते! डीसी मोटर किंवा क्वार्ट्झवर चालणाऱ्या टर्नटेबलला हा त्रास नाही. बाहेरून काही आणणार असाल तर एवढं आधी विचारा.

जोडणीबद्दल थोडंच. टर्नटेबलची हिरवी अर्थची तार फोनो प्रीअँपला लावाच. जुन्या चाळींत आणि इमारतींत खऱ्या अर्थिंगचा पत्ता नसतो, तिथे ५० हर्ट्झची गुणगुण येते. इलेक्ट्रिशियनकडून अर्थिंग तपासून घ्या, पण ती तोडून गुणगुण घालवायचा उद्योग करू नका, जिवाशी खेळ आहे. रेकॉर्डिंगच्या वेळी लॅपटॉप बॅटरीवर ठेवा आणि पंख्याचा इलेक्ट्रॉनिक रेग्युलेटर बंद करा, त्याची चरचर फोनो सिग्नलमध्ये शिरते. स्पीकर बंद ठेवून हेडफोनवर ऐका, नाहीतर स्पीकरचा हादरा सुईतून परत रेकॉर्ड होतो. टर्नटेबल लाकडी जमिनीवरच्या टेबलावर न ठेवता भिंतीत ठोकलेल्या फळीवर ठेवा. माझ्याकडे रस्त्यावरून बेस्टची बस गेली की तक्रार पहिली सुईच करायची, फळी केल्यापासून थांबली.

मोनो रेकॉर्डही दोन्ही चॅनेलवर घ्या. नंतर दोन्ही मिसळलेत की सुईच्या उभ्या हालचालीतून आलेली बरीच खरखर आपोआप पुसली जाते. आणि कधी खाचेची एकच भिंत झिजलेली असते, तेव्हा फक्त चांगला चॅनेल ठेवता येतो. हा निर्णय नंतर घ्यायचा असतो, म्हणून आत्ता काहीही टाकू नका.

आता सफाई, जिथे सगळ्यात जास्त नुकसान होतं. जशी उतरली तशी मूळ फाईल कायम ठेवा, तिला हात लावू नका. जे करायचं ते प्रतीवर. टकटक काढणारी सॉफ्टवेअरं चांगली आहेत, पण ती पाश्चात्त्य संगीत समोर ठेवून घडलेली आहेत. अचानक उठणारा टोकदार आवाज म्हणजे दोष, असं ती धरतात. तबल्याच्या चाटीवरचा ‘ना’ तसाच असतो, टाळ तसाच, सतारीचा आघात तसाच. सेटिंग थोडं जास्त झालं की तबलजी दस्ताना घालून वाजवल्यासारखा ऐकू येतो. बहुतेक सॉफ्टवेअरमध्ये फक्त काढलेला आवाज ऐकायची सोय असते. ती लावा. त्यात ठेका ऐकू आला तर तुम्ही तबला काढून फेकताय, ताबडतोब मागे या. मोठ्या टकटकी मी हाताने, एकेक करून काढते. एका बाजूला तास-दोन तास जातात.

खरखर कमी करणारं फिल्टर तर मी जवळजवळ वापरतच नाही. बऱ्याच वर्षांपूर्वी एका वृद्ध बाईंना त्यांच्या गुरूंच्या एलपीची प्रत करून दिली होती. मला ती फार स्वच्छ जमलीय असं वाटत होतं. फिल्टरला खरखरीचा नमुना द्यावा लागतो, तो मी गाणं सुरू होण्याआधीच्या दोन सेकंदांतून घेतला होता. बाई डोळे मिटून ऐकत होत्या. आलाप सुरू झाला, मिनिटभराने त्यांनी डोळे उघडले आणि विचारलं, “अगं, तंबोरा कुठे गेला?”

ती दोन सेकंदं शांत नव्हती, तंबोरा सुरू झाला होता. फिल्टरने त्यालाच खरखर समजून बाजूभर पुसला. जवारीची ती अखंड रुंजी यंत्राला गोंगाटच वाटते. त्या दिवसापासून नमुना घ्यायचाच झाला तर सुई टेकल्यावर संगीताचा पहिला कण येण्याआधीचा घेते, आणि काढलेला आवाज आधी स्वतंत्र ऐकते. थोडी खरखर राहू द्या. चांगल्या हेडफोनवर ती गाण्याच्या मागे, वेगळ्या अंतरावर ऐकू येते. दोन मिनिटांत कान ती सोडून देतो. गेलेला तंबोरा कान परत आणू शकत नाही.

फाईलच्या नावात गायक, राग, ताल, साथीदार, रेकॉर्ड क्रमांक लिहा. लेबलाजवळच्या मोकळ्या जागेत खरडलेला मॅट्रिक्स क्रमांकही टिपून ठेवा, एकच गाणं दोनदा घेतलेलं असेल तर फरक तिथेच कळतो. लाखेच्या रेकॉर्ड्सची ओळख पटत नसेल तर सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स ही संस्था १९९० पासून मुंबईत आहे, तिथल्या जुन्या संग्राहकांना विचारा, मनापासून मदत करतात. फाईलच्या तीन प्रती ठेवा, त्यातली एक मुंबईबाहेर. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस पडला, तेव्हा तळमजल्यावरच्या घरांत रेकॉर्ड आणि तिची कॅसेट एकाच कपाटात भिजल्या. घरच्या ऐकण्यासाठी प्रत करायला हरकत नाही, पण इंटरनेटवर चढवण्याआधी बघा, आपल्या कायद्यात ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रकाशनानंतर ६० वर्षं राहतो.

सुरुवात तुम्हाला फारशा न आवडणाऱ्या एखाद्या एलपीने करा, दोन-तीनवर हात बसू द्या. धुण्याचं काम डिसेंबर-जानेवारीत काढा, तेव्हा मुंबईची हवा त्यातल्या त्यात कोरडी असते. दिवसाला दोन एलपींच्या वर जाऊ नका, कान थकतो आणि पातळी चुकते.

तडा गेलेली लाखेची रेकॉर्ड सगळ्यात शेवटी घ्या, हात पूर्ण बसल्यावर. आत्ता ती ‘वाजते का बघू’ म्हणून सुद्धा लावू नका. दोन जाड पुठ्ठ्यांमध्ये सपाट, आडवी ठेवा, वर काही रचू नका. वाजवायची ती एकदाच, रेकॉर्डिंग आधी सुरू करून आणि तीन मिलची सुई लावून. प्रत्येक फेऱ्याला एक टक येईल, ती नंतर हाताने काढता येते. सुई तड्यावर उडी मारू लागली तर लगेच उचला आणि ती रेकॉर्ड माझ्यासारख्या कोणाकडे तरी घेऊन या.